दारापुढची वाळू

फजरची नमाज झाली की आई अंगण झाडायची.
अंगण म्हणजे नुसती वाळू.
हिरांचा खराटा, कमरेत वाकलेली रुगिय्या,
आणि ओल्या केसांतून फणी फिरावी
तशा मागे उमटत जाणाऱ्या रेषा.
त्यांच्यावर पहिलं पाऊल टाकायचं माझ्या जिवावर यायचं.

मामानं मला एकदा खडकावर नेलं.
कंबरभर पाण्यात उभं करून म्हणाला, डोकं बुडव आणि ऐक.
कुरुम्. कुरुम्.
जणू कुणी दाढेखाली खडीसाखर फोडतंय.
पोपटमासे होते. दगडाला चोच लावून
शेवाळ खरवडत होते, पोवळ्याचा टवकाही गिळत होते,
घशातल्या दातांनी तो दळत होते,
आणि पोहता पोहता मागे सोडून देत होते
पांढऱ्या धुराची एक शेपटी.
"ते बघ, शिफान," मामा म्हणाला, "तुझ्या आईचं अंगण."

घरी येऊन सांगितलं, तर आई खराट्यावर रेलून
इतकी हसली की डोक्यावरचा रुमाल सुटला.
"म्हणजे बावीस वर्षं मी माशांचं हगणं झाडतेय!"
मग उरलेला कोपरा आणखीच मन लावून झाडला.

आमच्याकडे मासा म्हणजे ट्यूना.
बाकीचे नुसते शेजारी.
पण रिसॉर्टची बोट आली, किलोचा भाव सांगून गेली,
आणि त्या रात्री मामानं टॉर्च शोधला.
झोपताना हा मासा
स्वतःच्याच लाळेची मच्छरदाणी करतो,
आत पडून राहतो, विझवलेल्या कंदिलासारखा.
पळत नाही.
मामानं त्याला नुसत्या हातानं उचललं.
टॉर्च मी धरला होता.
एवढं लिहून ठेवतो. मी धरला होता.

त्या खडकावर तो एकटाच निळा होता.
बाकीच्या सगळ्या तपकिरी, पोटाशी लालसर.
त्यांतली थोरली मला ओळखू यायची,
कुणीतरी तिच्या शेपटीचा लचका तोडला होता.
काही दिवस ती चरायची, थांबायची, इकडेतिकडे बघायची.
मग गालावर एक हिरवी रेघ आली.
ती निळी होत होती.
ते निळं होत होतं.
तो निळा झाला.
शेपटीचा लचका तोच.

बाबा समुद्रातून परत आला नाही तेव्हा
आई चार महिने दहा दिवस घरात बसली.
पुढच्या सकाळी त्याचा सदरा घालून
होडी ढकलायला लागली.
किनाऱ्यावरचे पुरुष बघत राहिले.
मग एक जण आला, त्यानं खांदा लावला.
सदरा तिला शेवटपर्यंत सैलच राहिला.

मध्ये एका वर्षी पाणी तापलं.
सगळी पोवळी पांढरी पडली, मग त्यांच्यावर शेवाळ चढलं,
मासे आपले खरवडत राहिले,
घर पडल्यावरही कुणी उंबरा पुसत राहावं तसे.

आई गेली. कबर खणायला कुदळ लागली नाही,
फावड्यानंच झालं.
वरून घालायची पांढरी वाळू
मी पलीकडच्या पुळणीवरून आणली, तीन पोती.
मूठ उघडून पाहिली.
एकही कण टोकदार नव्हता.
कुणीतरी आधीच चावून मऊ करून ठेवलेली,
दात नसलेल्यांना भरवतात तशी.

दुसऱ्या दिवशी अंगण मी झाडलं.
रेषा वाकड्या आल्या, एका जागी खराटा अडकून खड्डाच पडला.

संध्याकाळी मामा आला. रिसॉर्टवर पाहुणे आहेत म्हणाला,
आठ-दहा नग तरी हवेत.
मी म्हटलं, टॉर्चचे सेल संपलेत.
तो बराच वेळ टॉर्चकडे बघत बसला.
बटण काही त्यानं दाबून पाहिलं नाही.